ओल्या पडद्यामागची सुलतानबी

शाहूपुरी, कोल्हापूर
ता. ९ मार्च १९१९

भाई,

सुलतानबीचा सलाम. हे पत्र तुला गणपतराव मास्तर वाचून दाखवतील. महाराजांनी शाळा सक्तीची केली म्हणून आपल्या गावाला मास्तर मिळाले, आणि मास्तर मिळाले म्हणून मला तुझ्याशी भांडायची सोय झाली. मास्तर, एक विनंती आहे. भाईच्या कपाळावरच्या आठ्या बघून मधल्या ओळी गाळू नका. तो उठून गेला तर तसेच बसून राहा. परत येईल. अर्धवट ऐकलेलं त्याला सोसत नाही.

तू माझ्या दारातून परत गेलास त्याला तीन महिने झाले. तुझा मेहुणा करीम मानमोडीच्या तापानं गेला, त्याचा चाळिसावा झाला आणि दुसऱ्याच दिवशी तू मला न्यायला गाडी घेऊन आलास. मी गाडीत बसले नाही. तू रस्त्यात उभा राहून म्हणालास, "देवळाचा नगारा वाजवनाऱ्याची भैन तंबूत बसून लोकांची करमणूक करनार न्हाय. येनार असशील तर आत्ता चल. न्हायतर तू मला मेलीस." मी म्हणाले, मेले तर मेले. तू चहाचा घोटसुद्धा न घेता बैल वळवलेस. आता गावात कुणी विचारलं तर सांगतोस म्हणे, मला बहीण नव्हतीच. गारगोटीच्या बाजारातल्या बातम्या इथवर येतात, भाई.

पण मी तंबूत नेमकं करते काय, हे तू एकदाही विचारलं नाहीस. म्हणून न विचारता सांगते.

बाळासोंचा बायस्कोपचा तंबू स्टेशनच्या अंगाला आहे. मधोमध पांढरा कापडी पडदा. पडद्याच्या पुढं पुरुष बसतात आणि मागं बायका. खेळाआधी पडद्यावर पाणी मारून तो चिंब करतात, म्हणजे चित्र मागच्या बाजूलाही स्वच्छ उमटतं. मात्र मागून सगळं उलटं दिसतं. राजा डाव्या हातानं तलवार धरतो आणि अक्षरंही उलटीच येतात. करीम तिथं मशीनचा दांडा फिरवायचा हे तुला माहीत आहे. मी रोज मागं बायकांत बसायची. चित्रं मुकी असतात, मधूनमधून लिहिलेलं येतं तेवढंच. बायकांना सुलटं वाचता येत नव्हतं, मग उलटं कुठलं? बानं चार लोकांचं न ऐकता मला गारगोटीच्या शाळेत तीन यत्ता शिकवलं होतं. मी उलटी अक्षरं वाचायला शिकले आणि मोठ्यानं सांगायला लागले. पुढं घोडे धावताना बघून गप्प बसवेना, म्हणून दोन करवंट्या आणल्या आणि टापा वाजवल्या. सुपात तुरीची डाळ हलवून पाऊस पाडला. पत्र्याचा तुकडा हलवून वीज केली. मूल हरवलेल्या राणीचं रडणं मी माझ्या गळ्यातून काढलं.

पडद्यापुढचे पुरुष बाळासोंना विचारायला लागले, मागं कोण आहे? करीम गेल्यावर बाळासो म्हणाले, "सुलतानबी, तुमी असंच बसत जावा, पर आता कंपनीच्या म्हनून." भावाची परवानगी आहे का, असंही त्यांनी विचारलं. मी हो म्हणाले. या सगळ्यात मी खोटं बोलले ते तेवढंच.

मी नाचत नाही, भाई. मी दिसतही नाही. पण मी थांबले की शंभर घोडे मुके होतात. एकदा ये आणि ऐक. बाकी काही मागत नाही.

तुझी मेलेली बहीण,
सुलतानबी


शाहूपुरी
ता. २५ मे १९१९

भाई,

तुझं उत्तर नाही. मास्तरांनी दोन ओळी पाठवल्या, की तू पत्र शेवटपर्यंत ऐकलंस आणि तसाच उठून गोठ्यात गेलास. बैलांना तरी काही सांगितलंस का?

इकडं सगळं ठीक आहे. गेल्या आठवड्यात खेळाला थोडी गडबड झाली, पण ते किरकोळ.

हे वाक्य लिहिलं आणि माझंच मला हसू आलं. किरकोळ काही नव्हतं. माझी पार फजिती झाली. दुसऱ्या कुणाच्या तोंडून तुला कळण्याआधी मीच सांगते.

एका सरदारांकडचे पाहुणे खेळाला यायचे होते. बाळासोंनी डोकं लढवलं. म्हणाले, मागं कशाला दडून बसता, पुढं पडद्याशेजारी बसा, लोकांना दिसू दे कोण वाजवतं ते. मी अशी फुगले म्हणून सांगू. ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसले, डोक्यावरून पदर घेतला आणि पेटीवाल्या सयाजीच्या शेजारी जाऊन बसले. करवंट्या, पत्रा, सूप, सगळं पुढ्यात मांडलं.

पहिलीच अक्षरं आली ती सुलटी. दीड वर्ष मी उलटी वाचत आले होते, भाई. सुलटी दिसल्यावर माझी जीभच अडली. पहिलीतल्या पोरासारखी एकेक अक्षर लावत बसले. सयाजीनं हळूच पुढचा शब्द सांगितला. मग लढाई आली. माझे घोडे नेहमी डाव्या हाताकडून येतात. मी करवंट्या उचलून डाव्या कडेवर डोळा लावून बसले. घोडे उजवीकडून आले आणि निघून गेले, तेव्हा मी टापा सुरू केल्या. तलवारीचंही तसंच झालं. मेलेला माणूस आडवा पडल्यावर खणखणाट. पाठीमागून कुणीतरी म्हणालं, "घोडं चालत येतंय वाटतं म्हागनं." तंबू हसून लोटपोट. पाहुणे रुमालानं डोळे पुसत गेले, तेही हसूनच.

घरी येऊन मी हिरवं लुगडं पेटीच्या तळाशी घातलं. दुसऱ्या दिवशी बाळासो म्हणाले, चार दिवसांत सवय होईल, पुढंच बसा. सयाजीही तेच म्हणाला. मी नाही म्हणाले. लोक हसले म्हणून नव्हे. पुढं बसले की मी दिसते, पण चित्र माझ्या हातातून सुटतं. मागं बसले की मी दिसत नाही, पण राजा, राणी, घोडे, पाऊस, सगळे माझ्या मुठीत असतात. मला ते हवंय. मी माझी जागा माझ्या मनानं निवडली. त्या संध्याकाळी ओल्या पडद्यामागं बसून मी तीच लढाई वाजवली आणि पुढचे पुरुष उभं राहून ओरडत होते. एक टाप चुकली नाही.

फजिती सांगितली तशी हीही गोष्ट सांगायला हवी ना. मास्तर, ही ओळ दोनदा वाचा.

सुलतानबी


शाहूपुरी
ता. १८ जानेवारी १९२०

भाई,

आज मी चिडून लिहिते आहे. अक्षर वेडंवाकडं आलं तर मास्तरांनी सांभाळून घ्यावं.

तू मंगळवारी कोल्हापुरात होतास. नगाऱ्यासाठी चामडं घ्यायला आला होतास. सयाजीची आणि तुझी दुकानात गाठ पडली. त्यानं तुला ओळखलं आणि खेळाला चला म्हणाला. तू त्याला म्हणालास, "तितं माजं कोन हाय?" सयाजी भला माणूस. त्यानं मला हे सांगायला दोन दिवस घेतले, तेही मी खोदून विचारल्यावर.

तुझं तिथं कोण आहे, आणि तिला ऐकायला कोण येतं, ते सांगू का? हातकणंगल्याची एक शालूबाई आहे. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. दर रविवारी सुनेचा हात धरून आगगाडीनं येते आणि बायकांत अगदी माझ्याजवळ बसते. मी एकदा विचारलं, शालूबाई, तुम्हाला दिसत तर नाही, मग एवढ्या लांब कशासाठी येता? ती म्हणाली, "तू हाईस न्हवं. तुजा घोडा आला की मी पाय आवरून घेते." सून सांगते, ती खरंच पाय पोटाशी घेते. भाई, त्या बाईनं मला जे दिलं ते तुझ्या सगळ्या गावानं मला आजवर दिलं नाही.

आणि एक गोष्ट मी तुझ्यापासून वीस वर्षं लपवली, ती आता सांगते. बा तुला नगारखान्यात शिकवायचा. मला तिथं पाय ठेवायची बंदी होती, बाईमाणूस म्हणून. माझं काम परड्यात विस्तव करून चामडं शेकायचं, तेवढंच. पण कान कोण बांधणार? तू जे शिकायचास ते मी दुपारी कणगीवर बोटांनी वाजवायची. एकदा बा अचानक घरात आला. मी हात मागं घेतले. तो पाणी प्याला आणि गेला. दुसऱ्या दिवशी सकाळच्या नौबतीला त्यानं सगळे बोल सावकाश वाजवले, एकेक सुटा. तू घरी येऊन कुरकुरलास की बाला आज काय झालंय, हात जड पडलाय. हात जड नव्हता पडला. तो मला शिकवत होता. पुढं आठ दिवस तो तसाच वाजवत राहिला.

या दिवाळीपासून लढाईच्या चित्राला मी बाची ती नौबत वाजवते. बाळासोंनी मला जोडनगारा घेऊन दिला आहे. पडद्याच्या ओलीनं चामडं ढिलं पडतं, म्हणून खेळाआधी मीच ते निखाऱ्यावर शेकते. बा असता तर पहिल्या रांगेत येऊन बसला असता. हे मी छातीवर हात ठेवून सांगते.

तू गावात नौबत वाजवतोस, मी शाहूपुरीत. एकाच घरचे दोन हात आहेत. तू एकच मोजतोस.

सुलतानबी


शाहूपुरी
ता. २५ सप्टेंबर १९२०

भाई,

काल मास्तरांचं पत्र आलं. मी दोनदा वाचलं. पहिल्यांदा रडले, दुसऱ्यांदा हसले.

रडले तुझ्या हातासाठी. श्रावणात तुझ्या उजव्या हातावरून वारं गेलं आणि मला आत्ता कळतंय. रशिदाभाभीनं तरी कळवायचं होतं. गारगोटीच्या वैद्याचं तेल चालू आहे असं मास्तर लिहितात. तेल सोडू नकोस.

पुढचं मी नीट समजून घेतलं आहे. घटस्थापनेला अठरा दिवस राहिले. तुला मुलगा नाही. त्या दिवशी आपल्या घरातून नगारा वाजला नाही तर पंच हा मान पलीकडच्या गावच्या घराला देणार. बाचा, आज्याचा, त्याच्याही आधीचा मान. तुला झोप लागत नसेल हे मला कळतं. मलाही काल लागली नाही.

आणि हसले ते तुझ्या युक्तीला. मी नगारखान्यात आत बसायचं, पुढं घोंगडं टांगायचं. तू खिडकीत बसून डाव्या हातानं टिपरी हलवायची. खालच्या लोकांना तू दिसशील आणि ऐकू येईन मी. मास्तरांनी हे लिहिताना मान खाली घातली असणार.

भाई, तू चित्र होणार आणि मी आवाज? ज्या कामापायी तू मला मेलेली ठरवलंस, तेच काम तू माझ्याकडून मागतोस?

ओल्या पडद्यामागं मी बसते, कारण पडद्यावरच्या माणसांना तोंड नाही. ती बोलू शकत नाहीत म्हणून मी बोलते. त्यात मला कमीपणा नाही, उलट मान वर करून चालते. पण तुला तोंड आहे. तुझ्या घोंगड्यामागं बसले तर ते काम होणार नाही, लपणं होईल.

मी येते. बाची नौबत दुसऱ्या घरात जाऊ देणार नाही. पण माझी एक अट आहे. घोंगडं नको. खिडकीतून तू लोकांना सांगायचं की सुलतानबी वाजवते आहे. जमत असेल तर मास्तरांकरवी एका शब्दात कळव.

बाची मुलगी,
सुलतानबी


शाहूपुरी
ता. ३ नोव्हेंबर १९२०

भाई,

मी सुखरूप पोचले. मला नवरात्रात रजा दिली म्हणून बाळासो अजून तोंड फुगवून आहेत. माझ्या माघारी सयाजीनं करवंट्या वाजवल्या आणि शालूबाईनं त्याला सांगितलं, "तुजं घोडं लंगडतंय." त्यामुळं माझी किंमत आपोआप वाढली.

घटस्थापनेच्या दिवशी काय झालं ते तू तिथं असल्यामुळं तुला माहीत आहेच. तरीही मी ते लिहिते. मास्तर, हे पत्र ओट्यावर बसून मोठ्यानं वाचा. येणारेजाणारे थांबले तर थांबू द्या.

तुझं उत्तर आलंच नाही, तरी मी निघाले. नगारखान्याचा जिना चढून आले तर घोंगडं टांगलेलं. चार खिळे ठोकून, घट्ट. तू माझ्याकडं न बघता म्हणालास, "चामडं शेकून ठेवलंय." वाटेत मी तुला सुनवायचं सगळं पाठ केलं होतं. पण भाभी तुझ्या सदऱ्याचं बटण लावत होती, लहान मुलाचं लावावं तसं, आणि तुझा उजवा हात नुसता लोंबत होता. मी घोंगड्यामागं जाऊन बसले. ऐका, मास्तर. सुलतानबी अट विसरली. सुलतानबी हरली. हे भाईला आजवर माहीत नव्हतं. त्याला वाटलं असेल, ही आता भांडेल.

खाली आरती सुरू झाली. तू डाव्या हातानं टिपरी उचललीस आणि मी वाजवायला सुरुवात केली. बा सकाळी वाजवायचा तीच नौबत, आणि त्या आठ दिवसांत वाजवायचा तशी, सावकाश, एकेक बोल सुटा. मुद्दाम नव्हे, भाई. नगाऱ्याला हात लागला आणि तीच आली. घोंगड्याच्या विणीतून मला तुझी पाठ दिसत होती. थोडा वेळ तू टिपरी हलवलीस. मग तुझा हात मंदावला. मग तू टिपरी मांडीवर ठेवलीस आणि मान खाली घालून ऐकत बसलास. आपण लोकांना दिसतोय हे तू विसरलास.

नगारा वाजतोय आणि वाजवणाऱ्याचे दोन्ही हात मांडीवर. खालून बयाबाई पाटलीण ओरडली, "दिलदार, हात तर मांडीवर हाईत तुजं. मग वाजवतंय कोन?"

मी थांबणार होते. तू टिपरी पुन्हा उचलली असतीस तर मीही वाजवत राहिले असते आणि लोकांनी नजरचूक म्हणून सोडून दिलं असतं. तुझ्याकडं तेवढा वेळ होता. पण तू उठलास. डाव्या हातानं घोंगडं धरलंस आणि असं ओढलंस की चारही खिळे निघाले. खिडकीत उभं राहून तू म्हणालास, "माजी भैन हाय, सुलतानबी. बाचा हात माज्याकडं न्हवता कवा. हिच्याकडं हाय."

दोन वर्षं मी तुझ्याकडून यातला अर्धा शब्द मागत होते. तू सगळंच देऊन टाकलंस, तेही साऱ्या गावासमोर. मग मी वाजवलं. नगारा आपल्याच घरातून वाजतोय म्हटल्यावर पंचांना बाईमाणसाची बंदी पुढं करता आली नाही. नऊ दिवस वाजवलं, उघड्या खिडकीत, आणि मान आपल्या घरात राहिला.

आता मास्तर कळवतात की तू बाजारात सांगत फिरतोस, हे सगळं तूच आधीपासून ठरवलं होतंस आणि घोंगडं फक्त गंमत म्हणून टांगलं होतं. खुशाल सांग. मी विरोध करणार नाही. मास्तर, तुम्हीही गप्प बसा.

कायमची गावी ये म्हणालास. नाही येणार. नवरात्रात नऊ दिवस तुझ्या खिडकीत, बाकीचं वर्ष माझ्या ओल्या पडद्यामागं. तिथंही कुणाचे तरी घोडे माझी वाट बघत असतात.

तू मात्र ये. हिवाळ्यात लढाईचं नवं चित्र येतंय. मागं बायकांत तुला बसता येणार नाही, म्हणून पुढं पुरुषांत बस. मी तुला दिसणार नाही. पडद्यावर माझं नाव येत नाही आणि कधी येणारही नाही. पण घोडे धावायला लागले की शेजारी जो कुणी पावणा बसला असेल त्याला कोपरानं ढोस आणि सांग, ही माझी बहीण आहे.

तुझी बहीण,
सुलतानबी